केलरिजच्या दगडावरची पाटी

केलरिज, मॅनिटोबा
२६ सप्टेंबर १९७९

ॲलिस्टर,

'प्रिय' वगैरे लिहायचं आज मनात नाही, म्हणून लिहिलं नाही. फोन का केला नाहीस असं विचारशील. एक तर आमच्या फोनच्या एकाच तारेवर चार घरं आहेत आणि चारही घरांना कान आहेत. दुसरं म्हणजे फोनवर तू नाटक करतोस. कागदावर तुला ते तेवढं साधत नाही, हे मी तुझ्या शाळेच्या निबंधांपासून बघत आलेय. सख्ख्या बहिणीपासून काय लपणार?

तुमची सिनेमाची वरात गावातून हलली त्याला आज बारा दिवस झाले. तीन आठवडे गावभर 'हार्लन, नेब्रास्का' असं अमेरिकन गावाचं नाव रंगवून ठेवलं होतंत. स्टेशनावरचं पुसलंत, धान्याच्या कोठारावरचं पुसलंत. माझ्या टपाल कचेरीसमोरची लाल पेटी अमेरिकेसारखी निळी केली होतीत, ती परत रंगवताना लाल रंग संपला म्हणे. आता ती अर्धी लाल, अर्धी निळी उभी आहे आणि लोक विचारतात, ईनिड, पत्र कुठल्या अर्ध्यात टाकू? ते सगळं मी गिळलं. पण स्मारकाच्या दगडावर अजून तुमचीच पाटी आहे, ती मला गिळता येत नाही.

'हार्लनचे वीर सुपुत्र.' खाली वीस नावं, ज्यांतला एकही माणूस कधी कोणाच्या पोटी जन्माला आला नाही. १९१७ ते १९१८. १९४१ ते १९४५. अरे, आपली पोरं १९१४ ला गेली. अमेरिकेला तीन वर्षं उशिरा जाग आली हे काय आम्ही आमच्या दगडावर कोरून ठेवायचं? माजी सैनिकांच्या लीजन हॉलचा अध्यक्ष म्हणून होरेस व्हिडेन रोज हॉलच्या पायरीवर बसतो, रोज ती पाटी वाचतो आणि रोज त्याचं डोकं फिरतं. त्याने स्वतः इटलीत तीन बोटं घालवलीत, त्याला फिरवायला हक्क आहे.

आपली खरी पाटी, एकोणीस नावांची, तू स्वतः उभा राहून उतरवून घेतलीस. लीजन हॉलमध्ये लाकडी खोक्यात ठेवलीस आणि म्हणालास, दोन दिवसांत परत चढवतो. मग तू निघून गेलास. शेवटी टोरंटोहून ट्रक घेऊन दोन नवी पोरं आली. 'हॉलमधलं सगळं आपलं' एवढंच त्यांना सांगितलेलं, म्हणून त्यांनी खोका उचलला आणि गेली. गाव कापणीवर होतं, हॉलमध्ये चिटपाखरू नव्हतं. तुझ्या कचेरीत फोन लावला तर एक मुलगी म्हणाली, केलरिज कुठे आलं? आमच्या कागदावर तर हार्लन आहे. तीन आठवडे ज्या गावच्या कॅफेतला ॲपल पाय खाल्लात त्या गावचं नावसुद्धा तुमच्या कागदावर नाही.

आईला सांगितलेलं नाही. चर्चहून येताना ती दर रविवारी त्या दगडापाशी थांबते. होरेसने खोट्या पाटीवर ताडपत्री बांधली आणि तिला सांगितलं की पाटी घासायला विनिपेगला दिलीय. चौऱ्याऐंशी वर्षांच्या बाईशी तो माझ्यादेखत खोटं बोलला आणि मी मान डोलावली. बेचाळीस सालापासून दर अकरा नोव्हेंबरला, स्मरणदिनी, ती युद्धात गेलेल्या मर्डोच्या बदल्यात सरकारने दिलेला चांदीचा क्रूस कोटाला लावते आणि गावातलं पहिलं पुष्पचक्र तिच्या हाताने ठेवलं जातं. या अकरा नोव्हेंबरला तिच्या मोठ्या मुलाचं नाव त्या दगडावर पाहिजे. बाकी मला तुझ्याकडून काही नको.

ईनिड


टोरंटो
४ ऑक्टोबर १९७९

प्रिय ईनिड,

तुझं पत्र वाचून आधी हसू आलं, मग लाज वाटली. टपालपेटीबद्दल माफी. रंगाचा डबा पाठवतोय.

पाटी सुखरूप आहे. विनिपेगला आमच्या सामानाचं गोदाम आहे, तिथे आहे. घाबरू नकोस. ती नुसती झाकून का नाही घेतली असं होरेसने मला तिथेही दहादा विचारलं. झाकून चाललं असतं तर झाकली असती. शेवटच्या प्रसंगात शेरीफचा हात त्या नावांवरून घसरत खाली येतो आणि कॅमेरा हातभर अंतरावर असतो. तिथे आपली पाटी दिसली असती तर अमेरिकेतल्या ओमाहाचं शाळकरी पोरही ओरडलं असतं की तारखा चुकल्या. आणि वर राजाचा मुकुट. नेब्रास्कात मुकुट कसा चालेल, सांग बरं?

तू फक्त पाटी बघतेस. मी काय केलं तेही बघ. वीस वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांत कामं केली, आता पहिल्यांदा निर्माता म्हणून माझं नाव लागतंय. हा सिनेमा कुठेही काढता आला असता. ओंटारियोत काढला असता तर माझी झोप वाचली असती. मी हट्टाने केलरिजला आणला. चाळीस जणांना काम मिळालं. कॅफेवाल्या बाईने जन्मात विकले नसतील एवढे ॲपल पाय तीन आठवड्यांत विकले. वर्ष संपायच्या आत सिनेमा पुरा नाही झाला तर ज्या दातांच्या डॉक्टरांनी करसवलतीसाठी यात पैसे घातलेत ते माझेच दात उपटतील. मी दिवसाचे सोळा तास संकलनाच्या खोलीत बसतो.

पाटी येईल. आईला माझं प्रेम सांग.

तुझा,
ॲलन


केलरिज
११ ऑक्टोबर १९७९

ॲलिस्टर टलक यांस,

खाली सही 'ॲलन'. मी कोणा ॲलनला पत्र लिहिलं नव्हतं. ॲलन स्ट्रॉड नावाचा माणूस सिनेमाच्या पोस्टरवर राहतो, त्याचा आणि माझा काही संबंध नाही. आमच्या घरात टलक राहतात. वडील गेले ते टलक म्हणून गेले, मर्डो गेला तोही.

सोमवारी थँक्सगिव्हिंग झालं. टर्की केली, भोपळ्याचा पाय केला, आईने नेहमीसारखी तुझी खुर्ची टेबलाला लावली आणि नेहमीसारखी ती रिकामी राहिली. जेवता जेवता म्हणाली, 'पाटी घासायला एवढे दिवस लागतात होय? मी असते तर दुपारभरात घासली असती.' मी बटाटे वाढत राहिले.

तुझ्या पत्रात 'येईल' आहे, तारीख नाही. गोदाम आहे, पत्ता नाही. बोलाचीच कढी. मी विनिपेगला चौकशी केली, तुमच्या कंपनीच्या नावाने तिथे जो नंबर आहे तो कोणी उचलत नाही. होरेस म्हणतो मी स्वतः गाडी घेऊन जातो, दोनशे मैल काही लांब नाहीत, फक्त कुठल्या दारावर थाप मारायची ते विचार. तेव्हा सांग. गल्ली, दार, माणसाचं नाव.

आणि चाळीस जणांना काम दिलंस म्हणून फुशारकी मारू नकोस. त्यांना तू काय काम दिलंस? 'अमेरिकन दिसा' हे काम. शाळेच्या मास्तरांना तू सगळ्यांसमोर बोललास की 'अबाउट' असं आपल्यासारखं म्हणू नका, अमेरिकनांसारखं म्हणा. विनिपेगच्या रेडिओवर हवामान सांगायचास तेव्हा तूही आमच्यासारखंच बोलायचास. लोक म्हणायचे, टलकांच्या धाकट्याने थंडी पडणार म्हटलं की अंगावर शहारा येतो. तो आवाज कुठे ठेवलास? तोही गोदामात का?

पत्ता पाठव.

ईनिड


टोरंटो
१८ ऑक्टोबर १९७९

ईनिड,

पुरे झालं. एकोणपन्नास वर्षांचा आहे मी. पाटी, पाटी, पाटी. तुझ्या दोन पत्रांत माझी तब्येत कशी आहे एवढा एक शब्द नाही.

तू आवाजाचं काढलंस म्हणून सांगतो. छप्पन साली मी टोरंटोत टेलिव्हिजनवर पहिलं मोठं नाटक केलं. थेट प्रक्षेपण, नव्वद मिनिटं, मुख्य भूमिका, माझ्या स्वतःच्या आवाजात. सगळ्या देशाने बघितलं. त्या नाताळात घरी आलो तर वडील म्हणाले, 'टाय वाकडा होता.' बस्स. गावातल्या एका माणसाने एक शब्द काढला नाही. तीन वर्षांनी कॅलिफोर्नियात एका घोड्याच्या मागे उभं राहून मी तीन वाक्यं बोललो, दुसऱ्याच्या आवाजात, आणि गावाने स्टेशनावर बँड पाठवला. महापौर रडले. मी त्या दिवशी शिकलो की या देशात आपल्या माणसाला आधी शेजाऱ्याने शहाणा म्हणावं लागतं. मग मी शेजाऱ्यासारखा झालो तर आता तुम्हीच तोंड वर करून विचारता आवाज कुठे ठेवलास.

आणि आई. तेवीस सिनेमे केले मी. आईने एक बघितला नाही. एक. मी विचारायचं सोडून दिलं. या वेळी वाटलं, आता तिच्या दारातच सिनेमा नेतो, आता कुठे जाईल? हार्डवेअरच्या दुकानासमोर मी स्वतःच्या हाताने तिच्यासाठी खुर्ची मांडली. घोंगडी दिली, चहाचा थर्मास दिला, सगळ्या लोकांना सांगितलं की ही माझी आई. आयुष्यातलं सगळ्यात चांगलं काम मी त्या सकाळी केलं. पहिला टेक संपला, मान वर केली तर खुर्ची रिकामी. एक शब्द न बोलता उठून घरी गेली. तीस माणसं माझ्याकडे बघत होती.

तुला वाईट वाटेल, वाटू दे. मर्डो फ्रान्समधल्या त्या दिएपच्या किनाऱ्यावर सहा तास लढला. मी तीस वर्षं लढतोय. त्याचं नाव ब्राँझमध्ये आणि दर रविवारी आईचा हात त्यावर. माझं नाव पडद्यावर येतं तेव्हा लोक कोट घालून दाराकडे निघालेले असतात. मेलेल्या भावाशी स्पर्धा करून बघ कधी. तो कधी काही चुकत नाही.

ॲलिस्टर


केलरिज
२३ ऑक्टोबर १९७९

ॲलिस्टर,

चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या ह्या. पाटीबद्दल एक अक्षर नाही, आणि वर माझ्यावरच ताशेरे. पण आता तू आईवर गेलास, तेव्हा मी वीस वर्षं पाळलेला शब्द मोडते. तिला कळलं तर ती मला बोलेल, बोलू दे.

आईने तुझा सिनेमा बघितलाय. एकोणसाठ साली तो घोड्यांचा ब्रँडनला लागला तेव्हा ती, मी आणि वडील गेलो होतो. आई निळा कोट घालून आली होती, केस करून आली होती. तू आलास, तीन वाक्यं बोललास, तिने माझा हात दाबला. मग कोणीतरी तुला गोळी घातली आणि तू चिखलात पडलास. सगळं थिएटर पुढचं बघत होतं. आई उभी राहिली आणि म्हणाली, 'ऊठ, ॲली.' मोठ्याने. लोक हसले. ती परत म्हणाली, 'ऊठ.' मी आणि वडिलांनी तिला दोन्ही बाजूंनी धरून बाहेर नेलं. तिला सिनेमा म्हणजे काय कळत नाही असं समजू नकोस, तिला सगळं कळतं. कळूनही तिच्याने बघवत नाही. एक मुलगा असाच पडून मेला ते तिने बघितलेलं नाही, फक्त तारेत वाचलंय. ते कसं झालं असेल हे तू तिला दाखवलंस.

तेव्हापासून मी आधी जाते. तुझा प्रत्येक सिनेमा मी आधी बघून येते. ब्रँडनला, एकदा बर्फाच्या वादळात विनिपेगलासुद्धा. घरी आले की ती चहा टाकते आणि एकच प्रश्न विचारते, 'राहतो का?' तेवीस सिनेमांत तू एकोणीस वेळा मेलास, ॲलिस्टर. गोळीने, विषाने, एकदा विमानातून पडून. बहुतेक वेळा अर्धा सिनेमा व्हायच्या आत. मी प्रत्येक वेळी 'नाही' म्हणते आणि ती 'बरं' म्हणते आणि कप विसळते. ज्या चारांत तू राहतोस ते चारही तिने बघितलेत. एकात तू हॉटेलचा कारकून आहेस, किल्ली देतोस आणि 'शुभ रात्री, साहेब' म्हणतोस. तो तिने तीनदा बघितला. तिच्या मते ते तुझं सगळ्यात चांगलं काम आहे.

तुला का नाही सांगितलं? कारण ती म्हणाली, 'त्याला सांगशील तर तो मरायची कामं घेणार नाही, आणि त्याच्या पोटावर पाय येईल.' हे तिचे शब्द.

आता तुझी ती खुर्ची. तिला वाटलं, या वेळी शेरीफ आहे, मुख्य माणूस आहे, स्वतःचाच सिनेमा आहे, म्हणजे राहत असेल. मीही विचारलं नाही, ती चूक माझी. तू आमच्या मुख्य रस्त्यावर, मर्डोच्या दगडाला टेकून, तिच्यापासून वीस पावलांवर मेलास. मग उठलास आणि परत मेलास. जेवणाच्या सुट्टीपर्यंत अकरा वेळा. गोळ्यांचा आवाज घरात ऐकू येत होता. ती पलंगावर बसून होती, कानांवर उशी धरून, आणि प्रत्येक आवाजाला हलत होती. मी मोजले म्हणून अकरा.

तर तीस माणसं तुझ्याकडे बघत होती हे मला सांगू नकोस.

पाटी कुठे आहे?

ईनिड


टोरंटो
३१ ऑक्टोबर १९७९

ईनिड,

तुझं पत्र तीन दिवस खिशात घेऊन फिरतोय. हॉटेलच्या कारकुनाचा तो सिनेमा मला आठवतसुद्धा नव्हता. दीड दिवसाचं काम होतं. मी जास्त लिहीत नाही, लिहिलं तर तू म्हणशील नाटक.

पाटी नाही. तुला मी 'सुखरूप आहे' असं लिहिलं त्याच्या दोन दिवस आधी मला कळलं होतं. गोदामाचं भाडं थकलं म्हणून मालकाने आमचं सगळं सामान काढून टाकलं. लाकूड कोणी नेलं, कपडे कोणी नेले, धातू भंगारवाल्याकडे गेला आणि भंगारवाल्याने वितळवला. मी स्वतः विमानाने गेलो होतो. भट्टीवरचा माणूस भला होता. त्याला आठवत होती. म्हणाला, वर मुकुट होता ना? मला वाटलं सिनेमाची खोटी असेल, एवढी जुनी आणि ओरखडे पडलेली होती. त्याने मला ती जागा दाखवली. मी तिथे उभा राहिलो आणि मग परतीचं विमान पकडलं. केलरिज तिथून दोनशे मैलांवर होतं हे मला माहीत आहे. लिहू नकोस.

मी एक सोय केलीय. लीजनच्या जुन्या फोटोवरून आमच्या कला विभागाचा माणूस तश्शीच पाटी करतोय. मुकुट, तारखा, एकोणीस नावं, सगळं. मर्डोचं नाव मी स्वतः तपासलं. हा माणूस इतका हुशार आहे की खरीच्या शेजारी ठेवली तर ओळखू येणार नाही, हातभरावरून कॅमेऱ्याला कळत नाही. वजनाने हलकी आहे एवढंच, पण एकदा दगडावर बसवली की कोण उचलून बघतंय? नऊ तारखेच्या बसने पोचेल. होरेसला सांग, दहा तारखेला चढव. खरी ब्राँझची मी पुढच्या वर्षी ओतवून घेईन, शपथ. आईला सांगायची गरज नाही. तिला सांगितलंच आहे ना की घासायला गेलीय? तेच चालू राहू दे. तिला हल्ली दिसतं तरी कुठे नीट.

मला येता येणार नाही. सिनेमा संपत नाहीये.

ॲलिस्टर


तार
केलरिज, ५ नोव्हेंबर १९७९

नक्कल नको. तू ये. शनिवारच्या बसला उभी राहते. आईला तूच सांगायचं. तिला चांगलं दिसतं. ईनिड


(खोक्यातली चिठ्ठी)
टोरंटो, ६ नोव्हेंबर

ईनिड,

तार मिळाली. खोका निघालाच होता, वर ही चिठ्ठी टाकतोय. चार स्क्रू सोबत आहेत, जुन्याच भोकांत बसतील.

मी काल विमानतळापर्यंत गेलो होतो. खरं सांगतोय. तिकीट काढलं, बाकावर बसलो आणि आईला काय सांगायचं त्याची मनात तालीम करू लागलो. पहिलं वाक्य म्हटलं, ते चांगलं वाटलं नाही म्हणून बदललं. मग आवाज बदलून बघितला. मग माझ्या लक्षात आलं मी काय करतोय. उठलो आणि खोलीवर परत आलो. मला दुसरं काही येतच नाही. अनोळखी माणसांसमोर मी शंभर वेळा मरेन, पण त्या स्वयंपाकघरात उभं राहून मला खरं बोलता यायचं नाही.

तू सांग. तुला जमतं.

ॲली


केलरिज
१२ नोव्हेंबर १९७९

ॲलिस्टर,

अकरा तारीख काल रविवारी आली म्हणून आज सुट्टी, टपाल बंद आहे, हे उद्याच्या पिशवीत जाईल.

खोका शुक्रवारी आला. लीजन हॉलच्या टेबलावर उघडला. दहाबारा जण होते. पाटी सुरेख आहे, खोटं कशाला बोलू. सगळी नावं बरोबर आहेत. होरेसने ती एका हाताने उचलली, त्याच्या दोन बोटांच्या हाताने. खरी पाटी चढवायला सेहेचाळीस साली चार माणसं लागली होती, त्यांतला तो एक. त्याने नक्कल परत खोक्यातल्या गवतात ठेवली, झाकणाला खिळे मारले आणि म्हणाला, 'ईनिड, तुझ्या भावाला सांग, ही सिनेमात चालेल.' तुमच्या हार्लनची पाटीही त्याने उतरवली. दोन्ही एकाच बसने तुझ्याकडे येतील.

शनिवारी मी बसला गेले. मूर्ख आहे मी, म्हणून गेले. तीन माणसं उतरली, त्यांत तू नव्हतास. ड्रायव्हर म्हणाला, मागे कोणी नाही, बाई. तरी मी बस वळून जाईपर्यंत उभी होते. मग घरी आले आणि आईला सांगितलं. ती ॲपल पायसाठी पीठ लाटत होती. सगळं सांगितलं, घासायला दिल्याचं खोटं मीच चालवलं हेसुद्धा. ती लाटत राहिली. मग विचारलं, 'त्याला कधी कळलं?' मी म्हटलं, महिना झाला. 'तिथे गेला होता?' हो. 'आणि इथे येतोय का?' मी म्हटलं, नाही. तिने लाटणं ठेवलं, हात पुसले आणि वर जाऊन क्रूसाची डबी काढून आणली. मला वाटलं ती रडेल. त्याहून वाईट झालं, ती क्रूस घासत बसली. बशीत सोडा घेऊन, जेवणाची वेळ टळून गेली तरी.

काल वारा फार होता. सगळं गाव आलं होतं, दरवर्षीपेक्षा जास्त. दगड उघडा. जिथे पाटी होती तिथला दगड बाकीच्यापेक्षा पांढरा राहिलाय, आणि चार भोकं. दोन मिनिटं शांतता झाली. त्यानंतर दरवर्षी होरेस पाटीसमोर उभा राहून नावं वाचतो. काल वाचायला काही नव्हतं. फोटोवरून उतरवलेला कागद त्याच्या खिशात होता, तो त्याने काढलाच नाही. म्हणाला, 'ज्यांनी आपापलं माणूस दिलंय त्यांनी आपापलं नाव घ्यावं.'

लोक एकेक करून बोलले. मास्तरांनी त्यांच्या काकांचं घेतलं. कॅफेवाल्या बाईने वडिलांचं घेतलं, ती त्यांना कधी भेटली नव्हती. ज्यांच्या मागे कोणीच उरलं नाही अशा चार जणांची नावं होरेसने घेतली. आई सगळ्यात शेवटी पुढे झाली. पुष्पचक्र ठेवलं, सरळ उभी राहिली. म्हणाली, 'मर्डो टलक.'

बिगुलवाल्याने बिगुल तोंडाला लावला. आई जागची हलली नाही. मग म्हणाली, 'ॲलिस्टर टलक.'

तिचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत गेला. पाद्र्यांनी पुढे होऊन तिचा दंड धरला, त्यांना वाटलं म्हातारीचा गोंधळ झाला. तिने हात सोडवून घेतला आणि आपली आपण रस्त्याच्या कडेला येऊन उभी राहिली. बिगुल वाजला. माझ्याकडे कोणी बघितलं नाही, होरेसनेही नाही.

ॲलिस्टर, मी तुझ्यावर इतकी चिडले आहे की हा कागद दुसऱ्यांदा घेतलाय, पहिला फाटला. पण घरी आल्यावर मी तुझीच बाजू घेतली, हे तुला कळावं. आई बाकावर बसून बर्फाचे बूट काढत होती. मी म्हटलं, 'आई, हे काय केलंस? सगळ्या गावासमोर? तो जिवंत आहे. टोरंटोत आहे. मला महिन्यात चार पत्रं आलीत त्याची.'

तिने दुसरा बूट काढला, दोन्ही बूट जोडीने भिंतीला लावले.

'तुला आली असतील,' ती म्हणाली. 'तो जिवंत आहे असं मला कोणी कळवलेलं नाही.'

ईनिड